पुरावा आपल्या बाजूचा असेल तोवरच आवडतो

आमच्या जिल्ह्याचं नाव २०२४ साली अहमदनगरचं अहिल्यानगर झालं. अहिल्याबाई होळकरांचा जन्म याच जिल्ह्यातल्या, जामखेड तालुक्यातल्या चौंडीचा. त्यांच्या नावाशी माझं काही भांडण नाही आणि कुणाचं असण्याचं कारणही नाही. पण त्या वर्षभरात नावावरून मोहल्ल्यात, चहाच्या टपरीवर, व्हॉट्सॲपच्या ग्रुपांवर जेवढी वाफ दवडली गेली, तिच्या शंभराव्या हिश्श्यानेही कुणी एका माहितीपटाबद्दल बोललं नाही. त्या माहितीपटातल्या घराची मुळं याच शहरात आहेत आणि तो आदल्याच वर्षी, २०२३ साली आला होता. आनंद पटवर्धन यांचा 'वसुधैव कुटुंबकम'.

पटवर्धन हे नाव आपल्या वाचकांना नवं नाही. 'राम के नाम' करणारा माणूस. आपल्याकडे त्यांची ओळख एवढीच, आणि तीही एका विशिष्ट सुरात सांगितली जाते: "आपल्या बाजूने बोलणारा हिंदू." माझं भांडण या वाक्याशी आहे. पन्नास वर्षं खांद्यावर कॅमेरा घेऊन फिरलेल्या माणसाला आपण आपला वकील करून टाकलं आहे. वकिलाचं कसं असतं, तो आपल्या बाजूने बोलतो तोवर आपला. उद्या त्याने आपल्यालाच उलटा प्रश्न विचारला की वकील बदलायचा.

आधी नगरचा धागा सांगतो, कारण नगरच्या पोरांनाही तो ठाऊक नसतो. आनंद पटवर्धन १९५० साली मुंबईत जन्मले, पण घर नगरचं. आजोबा नगरला वकिली करत. रावसाहेब आणि अच्युतराव हे काका, आणि त्यांचे धाकटे भाऊ बाळू म्हणजे आनंद यांचे वडील. साने गुरुजी गेल्यावर 'साधना' साप्ताहिक ज्यांनी सांभाळलं त्यांत रावसाहेब होते. अच्युतराव काँग्रेस समाजवादी पक्षाच्या स्थापनेपासूनचे. ऑगस्ट १९४२ मध्ये इंग्रजांनी काँग्रेस कार्यकारिणीचे बारा जण नगरच्या किल्ल्यात आणून डांबले: नेहरू, सरदार पटेल, मौलाना आझाद, असफ अली, डॉ. सय्यद महमूद आणि इतर. देशाचे पुढारी नगरमध्ये कैदेत, आणि नगरचा अच्युत पटवर्धन मात्र बाहेर, भूमिगत, वेष आणि घरं बदलत चळवळ चालवतोय. त्याच १९४२ साली अच्युतराव आणि अशोक मेहता यांचं 'द कम्युनल ट्रँगल इन इंडिया' हे हिंदू-मुस्लिम प्रश्नावरचं पुस्तक निघालं. म्हणजे पुतण्याने १९९० मध्ये अयोध्येत जो प्रश्न विचारला, तो घरात आधीपासून मांडलेला होता.

किल्ल्याबद्दल आपण बोलतो तेव्हा चांदबीबी बोलतो, मलिक अंबर बोलतो, फार तर मौलाना आझादांचं 'गुबार-ए-खातिर' आठवतो. मौलाना तिथे कैदेत असतानाच १९४३ मध्ये त्यांच्या बेगम जुलैखा गेल्या, हेही सांगतो, डोळे ओले करतो. ते खरंच आहे. पण या किल्ल्याच्या हाकेच्या अंतरावर जे घर होतं, तिथल्या माणसांनी आपल्यासाठी काय खस्ता खाल्ल्या, हे आपल्या आठवणीत नाही, कारण ते आडनाव आपलं नाही. कुणाचं स्मरण ठेवायचं हे आडनावावरून ठरवण्याचा आरोप आपण दुसऱ्यांवर रोज करतो.

आता त्यांच्या कामाबद्दल. सुरुवात १९७४च्या बिहार आंदोलनापासून. उसन्या कॅमेऱ्यावर चित्रण केलं. आणीबाणी आली तेव्हा त्या फिल्मचे तुकडे करून ती देशाबाहेर पाठवावी लागली. पुढे 'बंदी' कैद्यांवर, मुंबईच्या झोपडपट्टीवासीयांवर, भगतसिंगांच्या वारशावर. हा भगतसिंगांवरचा माहितीपट १९९०चा आणि मला तो फार महत्त्वाचा वाटतो. पंजाब जळत होता. सरकार म्हणत होतं भगतसिंग आमचे, खलिस्तानवाले म्हणत होते आमचे. पटवर्धन कॅमेरा घेऊन गेले ते अशा शीख आणि हिंदू डाव्या कार्यकर्त्यांकडे, जे गावोगाव भगतसिंगांचेच विचार वाचून दाखवत होते आणि त्यापायी जीव धोक्यात घालत होते. इतिहासावरचा माहितीपट म्हणजे जुन्या वाड्यावरून ड्रोन फिरवणं आणि मागे तबला-सारंगी वाजवणं असं ज्यांना वाटतं, त्यांनी हा बघावा. त्यात मेलेल्या माणसावर आज कोण हक्क सांगतोय, एवढाच प्रश्न आहे.

तोच प्रश्न पुढे 'राम के नाम'मध्ये. १९९०ची रथयात्रा, ३० ऑक्टोबरची कारसेवा. तेव्हा सोळा एमएमवर काम चाले. चारशे फुटांचा एक रोल साधारण अकरा मिनिटांत संपतो. आजच्यासारखं दिवसभर रेकॉर्डिंग चालू ठेवून नंतर निवडायची चैन नव्हती. माणसाने तोंड उघडण्याआधी ठरवावं लागे की हा बोलेल, आता बटण दाबायचं. आणि कॅमेरा स्वतःच्या खांद्यावर ठेवून पटवर्धन स्वतःच प्रश्न विचारतात. त्यामुळे उत्तर देणारा माणूस कुणा निवेदकाशी नाही, थेट चित्रण करणाऱ्याशी बोलतो. तावातावाने घोषणा देणाऱ्या शिकलेल्या तरुणांना ते विचारतात, रामाचा जन्म कधी झाला? पोरं एकमेकांकडे बघतात. एक महंत डिसेंबर १९४९ मध्ये मूर्ती आत कशा गेल्या ते अभिमानाने सांगतो. आणि मग पुजारी लालदास. न्यायालयाने नेमलेले रामजन्मभूमीचे पुजारी. शांत आवाजात ते सांगतात की हा देवाचा नाही, मतांचा आणि पैशाचा खेळ आहे. १९९३ च्या नोव्हेंबरमध्ये लालदासांचा खून झाला. त्यांचा तो आवाज आज आपल्याकडे आहे, कारण एका माणसाने त्या क्षणी रोल संपू दिला नव्हता.

लालदासांची अर्ध्या-एक मिनिटाची क्लिप दर ६ डिसेंबरला आपल्या ग्रुपांवर फिरते. खाली 'माशाल्लाह', 'सच्चा इन्सान', हात जोडलेले इमोजी. अख्खा माहितीपट पाहिलेला माणूस त्या ग्रुपात मला अजून भेटायचा आहे.

लालदास स्वतःच्या लोकांबद्दल बोलत होते. त्यांनी मुसलमानांची बाजू घेतली नाही. त्यांनी स्वतःच्या गाभाऱ्यात उभं राहून स्वतःच्या महंतांना खोटं ठरवलं. ती किंमत त्यांनी आपल्यासाठी नाही, आपल्या धर्माच्या इभ्रतीसाठी मोजली. आणि पटवर्धनांचंही तेच. उच्चवर्णीय, इंग्रजी शिकलेला, अमेरिकेत पदवी घेतलेला हा माणूस कॅमेरा प्रथम फिरवतो तो आपल्याच घराकडे, आपल्याच जातीकडे, आपल्याच धर्माच्या ठेकेदारांकडे. 'जय भीम कॉम्रेड' बघा. ११ जुलै १९९७ला रमाबाई नगरमध्ये पोलिसांच्या गोळीबारात दहा माणसं गेली, त्यानंतर शाहीर विलास घोगरे यांनी आत्महत्या केली. पटवर्धन चौदा वर्षं त्या वस्त्यांत जात राहिले आणि २०११ मध्ये माहितीपट पुरा झाला. त्यात सरकार आहे, सवर्ण आहेत, पण ज्या डाव्या चळवळीत पटवर्धन स्वतः वाढले तिने घोगऱ्यांशी कसं वागलं, हेही झाकलेलं नाही.

आपल्याकडे असा कॅमेरा आला तर?

ही कल्पनेतली गोष्ट नाही. मागे आम्ही चार जणांनी नगरमध्ये दोन माहितीपट लागोपाठ दाखवायचं ठरवलं. एक 'राम के नाम', दुसरा ज्योती सुभाष यांनी २०१७ साली केलेला हमीद दलवाईंवरचा, ज्यात नसीरुद्दीन शाह आहेत. आपल्याच लोकांच्या एका संस्थेकडे सभागृह मागितलं. विश्वस्त मंडळी अदबशीर. चहा दिला. म्हणाले, "भाईजान, पहला लगाओ, शौक से लगाओ. दूसरा रहने दो. अभी माहौल ठीक नहीं है." मी विचारलं, दुसऱ्यात काय वाईट आहे? त्यांनी तो पाहिलेला नव्हता. पाहायची गरजही वाटत नव्हती.

'माहौल ठीक नहीं है.' हेच वाक्य सेन्सॉरवाले बोलतात, दूरदर्शनवाले बोलायचे, पोलीस बोलतात. याच वाक्याशी पटवर्धन आयुष्यभर कोर्टात भांडले. 'राम के नाम'ला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला तरी दूरदर्शनने तो न्यायालयाच्या आदेशावाचून लावला नाही. 'पितृ, पुत्र और धर्मयुद्ध'साठी थेट सर्वोच्च न्यायालयापर्यंत जावं लागलं, निकाल २००६चा. 'जंग और अमन'वर सेन्सॉरने कात्री मागितली, ती उच्च न्यायालयात टिकली नाही. 'विवेक' २०१९ मध्ये केरळच्या महोत्सवात दाखवायला केंद्राने परवानगी नाकारली, तेव्हाही उच्च न्यायालयानेच वाट मोकळी केली. या सगळ्या निकालांचा फायदा आपण घेतो. आणि आपल्याला न आवडणारा सिनेमा आला की सगळ्यात आधी निवेदन घेऊन जिल्हाधिकारी कचेरीवर जातो: बंदी घाला. 'हमारे बारह' आला तेव्हा हेच केलं. सिनेमा वाईट होता हे मला मान्य आहे. पण ज्याला बंदी हवी असते त्याच्या हातात शेवटी बंदी नसते, सरकारच्या हातात असते. आणि ते सरकार उद्या ती कुणावर वापरेल हे सांगायला ज्योतिषी लागत नाही.

'छावा'चं घ्या. फेब्रुवारी २०२५ मध्ये आला, महिन्याभरात औरंगजेबाची खुलताबादची कबर उखडायची मागणी, १७ मार्चला नागपुरात दंगल. या सिनेमाने औरंगजेबाविषयीचा राग पुन्हा जागा केला, असं खुद्द मुख्यमंत्री विधानसभेत म्हणाले. औरंगजेब मेला आमच्या भिंगारला, १७०७ मध्ये. त्याची जागा तिथे आहे, आलमगीर म्हणतात. या सगळ्यावर आपल्या पोरांचं उत्तर काय? त्याच बादशहाचे स्टेटस. २०२३ मध्ये अशाच स्टेटसवरून कोल्हापुरात काय झालं ते सगळ्यांनी पाहिलं. एका बाजूने मोठ्या पडद्यावरची तलवार, दुसऱ्या बाजूने मोबाइलच्या पडद्यावरची तलवार. इतिहास दोन्हीकडे नाही. आणि मला राग दुसऱ्या बाजूचा जास्त येतो, कारण ती माझी आहे. ज्या बादशहाने बापाला कैद केलं, भावांना मारलं, तो आपला कोण लागतो? आपल्या आज्या-पणज्या तर सूत कातत, गोधड्या शिवत, शेतात खुरपत मेल्या. त्यांचं स्टेटस कुणी ठेवत नाही.

'वसुधैव कुटुंबकम'मध्ये नेमका हाच रस्ता आहे. बाळू आणि निर्मला हे म्हातारे आई-वडील, घरातल्या खुर्चीवर, जेवणाच्या टेबलावर बोलतात, एकमेकांची चेष्टा करतात. मुलगा ते टिपत राहतो, माहितीपट करायचा म्हणून नव्हे, ते आई-वडील आहेत म्हणून. बऱ्याच वर्षांनी, ते दोघं गेल्यावर आणि देशात स्वातंत्र्याचा इतिहास उलटा सांगितला जाऊ लागल्यावर, त्याला कळतं की आपल्याकडे काय जमा झालंय. आई सिंधची, कुंभारकाम करणारी मोठी कलावंत, शांतिनिकेतनात शिकलेली. फाळणीत माहेरचा मुलूखच गेला.

सिंधचं नाव निघालं की मला अल्लाबक्ष सुमरो आठवतात. सिंधचे प्रीमियर. मुस्लिम लीगने लाहोरला पाकिस्तानचा ठराव केला मार्च १९४० मध्ये, आणि पुढच्याच महिन्यात अल्लाबक्ष यांच्या अध्यक्षतेखाली दिल्लीत आझाद मुस्लिम परिषद भरली, फाळणीला विरोध करायला. मे १९४३ मध्ये शिकारपूरला त्यांचा खून झाला. 'तुम्ही पाकिस्तान मागितलंत' हा टोमणा शाळेत ऐकून घरी येणाऱ्या आपल्या मुलाला हे नाव आपण कधी सांगितलं आहे? नसेल, तर तो टोमणा मारणाऱ्याइतकेच आपणही त्याला जबाबदार आहोत.

पटवर्धनांवर टीका करायला जागा नाही असं नाही. 'विवेक' चार तासांच्या आसपास जातो. तो आवळता आला असता असं माझं मत आहे, आणि ज्यांना तो पटवायचा आहे ते चार तास बसणार नाहीत, हेही. त्यांचं निवेदन कधी कधी प्रेक्षकाच्या आधीच निष्कर्षाला पोचतं. 'एकांगी' हा आरोप मात्र मला पोकळ वाटतो. ते कुठे उभे आहेत हे ते लपवत नाहीत, आणि समोरच्याला पूर्ण बोलू देतात. बहुतेक वेळा समोरचा बोलूनच फसतो. 'जंग और अमन'मध्ये ते पाकिस्तानात जातात. लाहोरच्या शाळेतल्या मुली वादविवादात अणुबॉम्बच्या बाजूने जोरदार भाषणं ठोकतात, मग त्यांच्यातल्याच काही सांगतात की आम्हाला हे मनापासून वाटत नाही, टाळ्या मिळतात म्हणून बोललो. इकडच्या शाळांत जाऊन बघा, वेगळं काय आहे?

आणि 'विवेक'मध्ये जे आहेत, दाभोलकर, पानसरे, कलबुर्गी, गौरी लंकेश, त्यांतले गोविंद पानसरे आमच्या जिल्ह्यातले, कोल्हारचे. 'शिवाजी कोण होता?' लिहिणारा माणूस. शिवाजी महाराज मुसलमानांचे शत्रू नव्हते हे मराठी घराघरात त्यांनी जेवढं पोचवलं तेवढं आपल्या कुठल्या जमातीने, कुठल्या जलशाने पोचवलं? ते पुस्तक लिहिताना त्यांनी आधी आपल्याच लोकांचा रोष पत्करला. पुन्हा तेच. आपल्या माणसांना आधी विचारायचं.

तेव्हा आपण काय विचारायचं, ते स्पष्टच लिहितो. शरियतने मुलीला दिलेला हिस्सा नगर जिल्ह्यात किती घरांत मिळतो, आणि किती बहिणींकडून तहसीलमध्ये हक्कसोड लिहून घेतलं जातं? वक्फच्या जमिनीवर सरकारने डोळा ठेवला म्हणून आपण ओरडतो, ते बरोबरच आहे. पण त्या जमिनींचं भाडं आजवर कुणाच्या घरी गेलं? तांबोळ्याच्या, पिंजाऱ्याच्या, बागवानाच्या घरी आपले 'खानदानी' मुलगी देतात का? दलवाई १८ एप्रिल १९६६ला सात बायकांना घेऊन मुंबईत सचिवालयावर गेले. ते १९७७ मध्ये गेले, आणि ज्योती सुभाष यांचा माहितीपट यायला २०१७ उजाडलं. चाळीस वर्षं. मधल्या काळात आपल्या पैशाने जलसे किती झाले, मोजा.

माझा भाचा लग्नाचं शूटिंग करतो. हात चांगला आहे त्याचा. वलीम्याच्या गर्दीत, हॅलोजनच्या झगमगाटात, म्हातारीच्या चेहऱ्यावर फोकस अचूक धरतो. मी त्याला म्हटलं, कोठल्याला जा. मुहर्रमची सवारी निघते तेव्हा खांदा देणाऱ्यांत, नवस बोलणाऱ्यांत हिंदू किती असतात ते नगरला सगळ्यांना माहीत आहे. त्यांच्या घरी जा, आजा काय सांगायचा ते विचार. मढीला जा. कानिफनाथांची मढी, ज्यांना आपले लोक शाह रमजान म्हणत आले. गाढवांचा बाजार भरतो तिथे. २०२५ च्या फेब्रुवारीत त्या ग्रामसभेने यात्रेत मुसलमान दुकानदारांना मज्जाव करणारा ठराव केला, प्रशासनाने तो मानला नाही. पण ठराव झाला ही गोष्ट उरतेच. ज्यांचे आजे-पणजे तिथे पाल टाकायचे ते दुकानदार अजून हयात आहेत. आणि ठरावाला हात वर करणारेही आहेत, त्यांनाही विचार. शांतपणे विचार, मध्ये बोलू नको.

तो म्हणाला, "मामू, ठीक आहे, पण हे देखने वाला कौन है? और पैसा?"

दोन्ही प्रश्न रास्त आहेत. पैशाचं उत्तर माझ्याकडे आहे: ज्या मोहल्ल्यात एका जलशाच्या मंडपाला आणि लाउडस्पीकरला वर्गणी जमते, तिथे त्यातल्या अर्ध्यात एक पोरगा वर्षभर काम करू शकतो. वर्गणी मागायला मी येईन, दारोदार. एक अट मात्र मी भाच्याला घातली आहे, आणि वर्गणी देणाऱ्यांनाही आधीच सांगणार आहे. मढीच्या आधी एक मुलाखत घरातली घ्यायची. त्याच्या आजीला तीन भाऊ. भिंगारच्या रस्त्याला बापाची अडीच एकर होती. ती कुणाच्या नावावर गेली, आणि अंगठा कधी, कुठे, काय सांगून घेतला, हे आजीला विचारायचं. भाऊ पैकी दोघं हयात आहेत. त्यांनाही विचारायचं.